ट्रंकेत काय आसा?

माझी ट्रंक वजनाला साडेअकरा किलो भरते. काजूच्या वखारीतल्या काट्यावर एकदा गंमत म्हणून ठेवली होती, म्हणून माहितीये. पत्र्याची, हिरवी, कडी वाकडी झालेली, मामाची. आत दोन विग, जुन्या गादीच्या फोममधून कापलेले कमरेचे नि मांड्यांचे पॅड, तीन जोड जाड स्टॉकिंग्ज, एक नऊवारी जिच्या पदराला मी रिक्षाच्या सीटचं लाल रेग्झीन जोडलंय, गोंदाच्या कांड्या (शाळेतली पोरं वापरतात त्याच), आणि पॅराशूटची निळी बाटली. हे सगळं स्कूटीवर पाय ठेवायच्या जागेत उभं करायचं, पाय बाहेर फाकवून बसायचं आणि सीझनमध्ये आठवड्यातून दोनदा वेंगुर्ल्याकडून गोव्यात जायचं, पहाटे परत यायचं. काय करतोस असं कोणी विचारलं तर मी टेलर आहे. खोटं नाही ते. दिवसा फॉल-पिको, ब्लाउज, जूनमध्ये शाळेचे युनिफॉर्म. रात्रीचं जे आहे त्याला पोस्टरवर 'परफॉर्मन्स आर्टिस्ट' लिहितात, काही जण ड्रॅग म्हणतात, म्हणजे पुरुषाने बाई होऊन करायचा खेळ, प्लायवूडवाला शेठ 'तो नाचणारा' म्हणतो. स्टेजवरचं नाव एका माशावरून आहे, यापेक्षा जास्त इथे सांगत नाही.

हा प्लायवूडवाला मध्येच कुठून आला, तर आमचा क्लब त्याच्या दुकानाच्या डोक्यावर आहे. अंडरग्राउंड अंडरग्राउंड म्हणतात पण आमच्या जांभ्यात तळघर खणणार कोण, आणि खणलंच तरी जूनमध्ये त्याची विहीर होईल. त्यामुळे आमच्या अंडरग्राउंडला जायला बावीस पायऱ्या वर चढाव्या लागतात, हिल्स हातात घेऊन. बोर्ड नाही, पत्ता फोनवर येतो. साठ-सत्तर माणसं मावतात, त्यात वीस तरी एकमेकांच्या ओळखीची. ग्रीनरूम म्हणजे बियरचे क्रेट ठेवायची खोली, त्यातला एक क्रेट उलटा माझ्यासाठी, भिंतीला अर्धा आरसा. पैसे ठरलेले तीन हजार, हातात येतात कधी तीन, कधी अडीच, कधी 'आज गर्दीच नव्हती ना यार'.

आता भुवया. लोकांना वाटतं मेकअप म्हणजे लिपस्टिक, तसं नसतं, सगळा खेळ भुवईचा आहे. पुरुषाची भुवई चेहऱ्यावरून पुसली जात नाही तोपर्यंत वर कितीही रंग थापा, तो रंगवलेला पुरुषच दिसतो. म्हणून भुवईचे केस गोंदाच्या कांडीने वरच्या बाजूला चिकटवायचे, वाळू द्यायचे, परत एक थर, परत वाळू द्यायचा, असे तीन थर झाले की पावडर दाबायची, मग फाउंडेशन, आणि मग कपाळावर दोन बोटं वर नवीन भुवई काढायची. मुंबईत एसीत हे अर्ध्या तासात होतं. इथे एप्रिलमध्ये गोंद वाळतच नाही, हवाच ओली, मग टेबलफॅनसमोर तोंड धरून बसायचं, डोळे मिटून, आणि एवढं करून दुसऱ्या गाण्याला डावी भुवई सुटते ती सुटतेच. नेहमी डावीच का ते मला अजून कळलेलं नाही.

मामाच्या वेळी असला गोंद नव्हता. मामा भुवया कोरायचा, रेझरचं अर्धं पातं बोटात धरून, वीस-बावीस वर्षं. त्या परत आल्याच नाहीत. आज सत्त्याहत्तरीत मामा कमरेला आकडी-कोयती लावून काजूत निघतो, अंगात गंजी, पायात रबरी चपला, आणि कपाळावर तारामतीच्या भुवया.

घाटावरच्या मंडळींसाठी थोडक्यात सांगतो. आमच्या सिंधुदुर्गात दिवाळीनंतर जत्रा सुरू होतात आणि जत्रेच्या रात्री देवळापुढे दशावतार. आधी आडदशावतार, म्हणजे गणपती, रिद्धी-सिद्धी, सरस्वती, मग काळ्या कपड्यातला संकासुर येतो, वेद चोरतो आणि मालवणीत सगळ्या गावाची टर उडवतो. मग पुराणातलं आख्यान, ते पार पहाटेपर्यंत, शेवटी दहीकाला. छापील संहिता नाही. कथा ठरते, कोण कुठला पार्ट ते ठरतं आणि संवाद प्रत्येकाने जागच्या जागी रचायचे. पेटी, पखवाज, झांज, आणि सिंहासन म्हणून एक लाकडी बाकडं, तेच बाकडं महाल, तेच अरण्य, तेच स्मशान. बायकांचे पार्ट पुरुष करतात, त्याला स्त्रीपार्ट म्हणतात. आणि सकाळ झाली की ज्याची त्याची ट्रंक ज्याच्या त्याच्या डोक्यावर, पुढच्या गावाला, चालत. 'रात्री राजा, सकाळी बोजा' ही म्हण तिथलीच. आता टेम्पो असतो. मामा चाललाय. ट्रंकेची वाकडी कडी त्यातलीच, कुठल्याशा घाटीत पाय घसरून ट्रंक दगडावर आपटली आणि मामाने आधी ट्रंक उघडून कृष्णाचा मुकुट बघितला, गुडघा नंतर.

मी लहानपणी जत्रेत मामीच्या मांडीवर झोपायचो आणि तारामतीचा प्रवेश आला की मामी मला उठवायची. रोहिदासाचं प्रेत मांडीवर घेऊन मामा रडायचा. तो रडायला लागला की बायका रडायच्या, आणि त्या बायकांमध्ये मामीपण रडायची, जिने संध्याकाळी त्याला पेज वाढलेली असायची. मला ते कळायचं नाही. खरं तर अजून नीट कळत नाही.

मुंबईत २००७ ला गेलो. दादरला एका ड्रेसवाल्याकडे कामाला लागलो, नाटकांचे, ऑर्केस्ट्राचे, लावणीच्या पार्ट्यांचे कपडे. डान्सबार २००५ मध्ये बंद केले होते सरकारने, त्यामुळे तिथे नाचणाऱ्या काही बायका आता ऑर्केस्ट्रात गायला बसायच्या, ज्यांना गाता यायचं नाही त्यासुद्धा, आणि घागऱ्याची कंबर सैल करून घ्यायला आमच्याकडे यायच्या. त्यातल्या एकीने मला पहिल्यांदा स्पंज कसा मारायचा ते दाखवलं, थोपटायचा, घासायचा नाही. पहिला शो बांद्र्याच्या एका बारमध्ये, मंगळवारी, बारा माणसं. त्याबद्दल लिहिण्यासारखं काही नाही, वाईट होता.

ली बावरी हे नाव मात्र इकडे परत आल्यावर कळलं. हरमलला दरवर्षी एक इंग्लिश आजी येते, तिचे कपडे मी अल्टर करतो, तिने एकदा शो बघितला आणि दुसऱ्या दिवशी दुकानात येऊन माझ्या मोबाइलवर स्वतःच शोधून फोटो दाखवले. मी शिलाई मशीनवर होतो, पाय थांबला. एक अगडबंब माणूस, टकलावरून ओघळणारा रंगीत रस, जसा मेणबत्तीवरून मेण. हा १९६१ मध्ये ऑस्ट्रेलियात सनशाइन नावाच्या मेलबर्नच्या उपनगरात जन्मला, १९८० मध्ये लंडनला आला, बर्गर किंगमध्ये कामाला लागला, आणि १९८५ मध्ये लेस्टर स्क्वेअरला टॅबू नावाचा क्लब काढला. दारावरचा माणूस आलेल्यापुढे आरसा धरायचा आणि विचारायचा, तू स्वतःला आत सोडशील का. १९८८ मध्ये एका गॅलरीत पाच दिवस एकतर्फी आरशाच्या मागे बसला, रोज नवीन वेश, बघणाऱ्यांना तो दिसतोय आणि त्याला फक्त तो स्वतः. आणि एक खेळ असा की पोटावर अख्खी बाई उलटी बांधून घ्यायचा, वर झगा, आणि स्टेजवर तिला 'जन्म' द्यायचा. ती निकोला, पुढे त्याची बायको झाली.

लोक हे वाचून काय काय विचार करतात मला माहीत नाही, टेलर म्हणून मला पहिला प्रश्न पडला की पट्टे कशाचे आणि शिवण कुठली. एका बाईचं वजन, तेही हलणारं, उलटं, घामाने निसरडं. साधी शिवण दुसऱ्या मिनिटाला उसवेल. तो स्वतः शिवायचा, चांगला शिवायचा, हे फोटोतल्या बाह्यांवरूनच दिसतं. १९९४ च्या ३१ डिसेंबरला गेला, तेहेतिसाव्या वर्षी, एड्सने, आणि आजाराचं अगदी जवळच्या दोनचार जणांनाच माहीत होतं. २०२५ मध्ये लंडनच्या टेट मॉडर्नमध्ये त्याच्यावर मोठं प्रदर्शन लागलं. आजी जाऊन बघून आली. म्हणाली, सगळं कसं स्वच्छ ठेवलंय, वास नाही कशालाच.

तिनेच ह्युगो बॉलचं सांगितलं. १९१६, झुरिक, कॅबरे व्होल्टेअर, बाहेर पहिलं महायुद्ध चाललेलं. या माणसाने पायाला निळ्या चकचकीत पुठ्ठ्याचं नळकांडं घातलं, डोक्यावर पट्ट्यापट्ट्यांची उंच टोपी, आणि त्या वेशात चालताच येईना म्हणून दिवे घालवून त्याला उचलून स्टेजवर ठेवलं. मग त्याने कविता म्हटली, जिच्यात एकही खरा शब्द नव्हता. मी मामाला हे सगळं रंगवून सांगितलं. मामा सुपारी कातरत होता. म्हणाला, "मगे? संकासुरान काय केल्यान?"

आता माझ्या खेळाबद्दल. अर्धा तास असतो, त्यात दोन गाणी पब्लिकसाठी, चकाचक, कंबर वगैरे. तिसरा भाग माझा. अंधारात ट्रंक डोक्यावर घेऊन येतो, खाली ठेवतो, उघडतो आणि आतून शाळेचा खाकी-पांढरा युनिफॉर्म काढतो, तिसरी-चौथीतल्या पोराच्या मापाचा. शर्टाला वरून दुसरं बटण नाही. बसतो आणि बटण लावतो. बस. पाच मिनिटं. गाणं नाही, माइक शर्टाला खेटून ठेवलेला, सुई कापडातून जाताना जो फट् आवाज येतो तेवढाच. सुरुवातीला लोक हसतात, मग फोन बघतात, दोनचार जण सिगरेटला जातात, बारवर कोणीतरी बर्फ ओततो तो आवाज बॉम्बसारखा येतो. चौथ्या मिनिटाला कधीतरी गप्प होतात. नेहमी नाही. झाले तर मी दोरा दातांनी तोडतो, शर्ट मांडीवर आडवा ठेवतो, आणि तबक घेऊन लोकांत जातो. 'मसणाचा कर द्या.' हरिश्चंद्र तारामतीकडे मागतो तोच कर, फक्त माझ्याकडे तारामतीच मागत फिरते. मराठी माणूस असला तर त्याला लगेच लागतं, दिल्लीच्या पोरांना टिप मागतोय वाटतं, दोघंही पैसे टाकतात. दशावतारातही आरतीचं तबक लोकांतून फिरतं, मी काय नवीन केलेलं नाही.

हाच खेळ एकदा पाळोळ्याला केला आणि पार फजिती झाली. गोव्यात रात्री दहानंतर उघड्यावर म्युझिक चालत नाही, म्हणून तिकडे हेडफोन पार्टी असते, प्रत्येकाच्या कानावर हेडफोन, दोनतीन डीजे, बटण दाबून चॅनेल बदलायचा. मला विगवर हेडफोन बसेना. म्हणजे माझंच गाणं मला ऐकू येत नव्हतं, मनात मोजून नाचत होतो, आणि कानाला फक्त वाळूत घासणारे शेदोनशे पाय, समुद्र आणि माझे पैंजण. इतकं शांत नाचकाम मी आयुष्यात केलं नाही. मग बटण लावायला बसलो, माइक चालू, सुई आत-बाहेर, आणि समोरची निम्मी माणसं माझ्याकडे बघत बेभान उड्या मारतायत. ती दुसऱ्या चॅनेलवर होती. त्यांच्या कानात टेक्नो, डोळ्यासमोर तारामती. मी शेवटपर्यंत लावलं ते बटण. काय करणार, अर्धवट सोडलेलं बटण मला बघवत नाही.

आता त्या रात्रीचं, ज्यासाठी लिहायला बसलो.

गेल्या जानेवारीत शो संपवून परत येत होतो. थंडी होती, मेकअप क्लबमध्ये उतरवला नाही, वरचा थर पुसला फक्त, घरी जाऊन तेलाने काढू म्हटलं. हेल्मेट घातलेलं. किरणपाण्याचा पूल ओलांडून आरोंद्यात शिरलो तर बॅटरी चमकली. बाटल्यांसाठी अडवतात, सगळ्यांनाच अडवतात. हेल्मेट काढलं. हवालदाराने बॅटरी तोंडावर मारली आणि तशीच ठेवली. माझ्या चेहऱ्यावर त्या वेळी भुवया नव्हत्या, डोळ्याभोवती निळं होतं आणि कानामागे चमकी.

"ट्रंकेत काय आसा?"

"कपडे."

"उघड."

उघडली. वर विग होता, त्याने तो दांड्याने उचलला, उचलताना घाबरला बहुतेक, मग हसला. पॅड बघितले. नऊवारी बघितली. निळी बाटली उघडून वास घेतला. मला पोटात गोळा आलेला, कारण मुंबईत असल्याच एका रात्री एका गाडीवाल्याने काय काय बोलून घेतलं होतं ते मी विसरलेलो नाही. हवालदाराने बाटलीचं बूच नीट लावलं आणि विचारलं, "खयच्या कंपनीत आसस?"

मला कळायला दोन सेकंद लागली. मग तोंडाला आलं ते नाव सांगितलं, एका जुन्या दशावतार कंपनीचं.

"स्त्रीपार्ट?"

"होय."

"खय होती जत्रा?"

तेही सांगितलं काहीतरी. त्याने विग परत ठेवला, अगदी दोन हातांनी, देवाचं काही ठेवावं तसा, झाकण लावलं आणि म्हणाला, "सावकाश जा. गुरा बसतत रस्त्यार."

पुढे पाच किलोमीटर मी गाडी कशी चालवली आठवत नाही. हायसं वाटत होतं आणि रागही येत होता, कोणावर ते कळेना. तीच ट्रंक, तोच फोम, तोच पुरुष. क्लबचं नाव घेतलं असतं तर तो विग दांड्यानेच खाली टाकला असता, याची मला खात्री आहे. पण सरळ सांगायचं तर तेवढंच नाही ते. 'देवळात चालतं आणि बारमध्ये चालत नाही' असं म्हणून मोकळं होता येतं, मीपण मित्रांत तसंच बोलायचो, बालगंधर्वांना १९६४ मध्ये पद्मभूषण मिळालं हे तोंडावर फेकायचो. पण मामाचं मी जवळून बघितलंय. गावाने त्याच्या तारामतीला डोक्यावर घेतलं ते पहाटेपर्यंत. दहीकाला झाला, हंडी फुटली, की गावाला मामा परत मामा म्हणून पाहिजे. आणि तो यायचाच, रोज यायचा, मिशी नव्हती तरी यायचा. एकदा रेशनच्या लायनीत पिशवी उचलताना त्याची करंगळी जरा वेगळी राहिली, म्हणजे रात्रीची तशीच राहून गेली, तर मागून कोणीतरी ओरडला, 'तारामती, पदर सांभाळ गो!' सगळी लाईन हसली. मामीने ऐकलं नाहीसं केलं. मामा त्यानंतर कित्येक दिवस रेशनला मलाच पाठवायचा. म्हणजे अट देवळाची नाहीये, अट सकाळची आहे. माझी सकाळीही सगळी उतरत नाही, उतरवावीशी वाटत नाही, एवढाच काय तो माझ्यात नि मामात फरक, आणि तो मोठा आहे.

६ सप्टेंबर २०१८ ला ३७७ चा निकाल लागला, समलैंगिक संबंध गुन्हा नाही असा, तेव्हा मी गावातच होतो. पावसाळा, सीझन बंद, गणपती तेरा तारखेला, त्यामुळे दुकानात ब्लाउजांचा हा ढीग. टीव्हीवर पोरं एकमेकांच्या गळ्यात पडून रडत होती. समोरची काकी टीव्हीकडे बघत होती, मी काकीकडे बघत होतो, धडधडत होतं. काकी म्हणाली, "माझो ब्लाउज चवथीक गावतलो मरे?" मी म्हटलं होय. गळा जरा मोठा ठेव म्हणाली.

तर आरोंद्याहून घरी पोचलो तेव्हा मामा उठलेला, चुलीपाशी. घरात आता आम्ही दोघंच, मामी गेल्यापासून. मी तेलाने तोंड पुसत पुसत त्याला सगळं सांगितलं. वाटलं होतं हसेल, किंवा खोटं बोललास म्हणून बोलेल, किंवा काहीतरी समजुतीचं. मामाने चहाची कपबशी खाली ठेवली.

"कोणाचा नाव सांगितलस?"

मी परत सांगितलं.

"त्यांचा?" मामाचा आवाज चढला. "मेल्या, त्यांच्या स्त्रीपार्टाचे दाढयेचे खुंट पयल्या रांगेत दिसत! आमचा नाव सांगूक काय तोंड दुखला तुझा?"

"मामा, तुमची कंपनी बंद पडून पंधरा वर्षं झाली."

"हवालदाराक खय म्हायत?"

दिवसभर माझ्याशी बोलला नाही.

मेच्या शेवटी पावसाआधी मी ट्रंक उन्हात घालतो, फोमला बुरशी धरते नाहीतर. यंदाही खळ्यात चटईवर सगळं पसरलं आणि दुकानात गेलो, शाळेचे युनिफॉर्म शिवायचे होते. दुपारी जेवायला आलो तर मामा ओट्यावर बसलेला, चष्मा लावून, मांडीवर माझा लांब काळा विग, जो मी ऑनलाइन साडेचार हजाराला मागवलाय, आणि शेजारी निळी बाटली अर्धी रिकामी. विंचरत होता. टोकाकडून वर, गाठ आली की बोटांनी सोडवत, बरोबर जसं विंचरायला पाहिजे तसं. विग तेलाने चपचपीत, टोकातून थेंब पडतायत.

"मामा! नायलॉन आहे तो, त्याला तेल लागत नाही!"

"कोरडो पडलेलो," मामा म्हणाला, आणि वर न बघता विंचरतच राहिला.

शाम्पूने तीनदा धुतला, भांड्याच्या साबणाने एकदा. वास जात नाही. आता दिवे लागून स्टेज तापलं की मिनिटाभरात खोबरेल दरवळतं, आणि परवा पहिल्या रांगेतली एक मुलगी तिच्या मैत्रिणीला म्हणत होती, इथे कोणीतरी सोलकढी सांडलीये का गं.